हफीजा सिस्टरची जागा

खाटा आल्या त्या सकाळी सौदीच्या डोंगरातल्या अल-अत्फा गावावर एवढं दाट धुकं उतरलं होतं, की ट्रक आधी ऐकू आला आणि कितीतरी वेळाने दिसला. हफीजा दवाखान्याच्या दारात उभी होती. दवाखाना म्हणजे भाड्याने घेतलेलं एक दुमजली दगडी घर. त्यात राहणारा येमेनी कापडवाला आखातातल्या लढाईच्या आधीच, दोन देशांचं बिनसलं तेव्हा, बायकामुलांना घेऊन सीमेपलीकडे निघून गेला होता. त्याच्या दुकानाच्या फळ्यांवर आता औषधं मांडायची होती.

ट्रकमधून खाटा उतरायला लागल्या. उचलणारी माणसं धुक्यात नाहीशी झाली होती, त्यामुळे पांढऱ्या लोखंडी खाटा आपल्या आपणच हवेतून तरंगत येत आहेत असं तिला वाटलं. पहिली खाट जवळ आली आणि तिने ती ओळखली. पायथ्याशी रंगाचा पोपडा निघालेला, उजव्या बाजूची कळ जरा आखडलेली. हिची चादर तिने चाळीस दिवस रोज बदलली होती.

लढाईच्या हिवाळ्यात हफीजा खमीस मुशैत शहरातल्या एका मोठ्या इस्पितळात होती. जखमी सैनिक येतील म्हणून तिथे एक अख्खा वॉर्ड मांडून ठेवला होता, साठ खाटांचा. विमानतळ जवळच. विमानं कानठळ्या बसवत जायची आणि काही तासांनी परत यायची, भोंगा वाजला की सगळ्या नर्सेस तळघरात. पण वॉर्डात कुणी आलंच नाही. रोज सकाळी ती न मळलेल्या चादरी काढायची आणि दुसऱ्या घालायची. त्या दिवसांत झोप अशी मोडली, की लढाई संपल्यावरही ती नीट परतली नाही. दिवसाढवळ्या, उभ्या उभ्या, तिचा डोळा लागल्यासारखं व्हायचं. समोर चाललेलं सगळं दिसायचं, ऐकू यायचं, पण पाण्याखालून दिसावं तसं.

लढाई संपली आणि वॉर्ड मोडला. गावोगाव दवाखाने काढायचं काम सरकारने आधीच हाती घेतलं होतं, ते मध्ये थांबलं होतं, आता पुन्हा जोरात सुरू झालं. डोंगरातल्या दर वस्तीला एक दवाखाना, दर घराची एक फाइल, दर मुलाला लस. साठ खाटा दहा गावांत वाटल्या गेल्या. खाटांबरोबर माणसंही. हफीजाने स्वतःहून नाव दिलं. तिचा नवरा नसरुद्दीन इस्पितळातच गाडी चालवायचा, त्याची बदली दवाखान्याच्या गाडीवर झाली.

"खाटा पण आपल्या मागं आल्या गो," नसरुद्दीन हसत म्हणाला. "आता त्यांच्यावर माणसं तरी झोपू देत."

दोघं रायगडातल्या दिघीची. नसरुद्दीनचे वडील मचव्यावर होते. हफीजा गावातली नर्स झालेली पहिली मुलगी. मूलबाळ झालं नाही. त्याबद्दल दोघं आता बोलत नसत. गावी दिराचं घर होतं आणि त्या घरात त्यांची एक खोली होती, बस.

अल-अत्फा डोंगराच्या कड्यावर बसलं होतं. एका बाजूला अरारची सदाहरित झाडं आणि पायऱ्यापायऱ्यांची शेतं, दुसऱ्या बाजूला एकदम काहीच नाही. जमीन तिथे तुटायची आणि खाली, खूप खाली, तिहामाचा उष्ण सखल मुलूख असायचा. दुपारी त्या दरीत ढग भरायचे. कड्याशी बसलं की पायाखाली पांढरा, हलता समुद्र. हफीजा जेवणाच्या सुट्टीत तिथे जाऊन बसायची. ओहोटीला दिघीच्या खाडीचं पाणी जसं सरकतं, तसेच ढग सरकायचे. माकडांची टोळी थोड्या अंतरावर बसून तिच्यासारखीच खाली बघायची.

दवाखान्यात डॉक्टर इसहाक होते, सुदानचे. ताडमाड उंच, बोलणं इतकं संथ, की वाक्य संपेपर्यंत पेशंटचा ताप उतरेल असं नसरुद्दीन म्हणायचा. त्यांनी पहिल्याच दिवशी सांगितलं, "सिस्टर, औषधं नंतर. आधी नावं. कोणत्या घरात कोण आहे हे कळल्याशिवाय हा दवाखाना म्हणजे नुसतं दुकान."

म्हणून हफीजा वही घेऊन दारोदार निघाली. दारं उघडत, कॉफी समोर येई, हफीजा दोन घोट घेऊन घाईने उठे. नाव मात्र कुणी सांगत नसे. लढाई नुकतीच झाली होती आणि यादी म्हणजे मुलगे फौजेत नेणार अशी कुजबुज होती. शेवटी एक बाई म्हणाली, "सालहाला विचार. ती सांगेल तर आम्ही सांगू."

सालहा गावची सुईण. सत्तरीची असेल. गावातलं दर माणूस तिच्या हातावर जन्मलेलं. हफीजा तिच्याकडे गेली तेव्हा ती भिंत रंगवत होती. त्या भागात घराच्या आतल्या भिंती बायका रंगवतात. लाल, निळे, पिवळे त्रिकोण, चौकटी, बारीक रेघांच्या जाळ्या. सालहाने मागे वळूनही पाहिलं नाही.

"ज्यांना मी जगात आणलं, त्यांची नावं तू मला विचारतेस?"

"तुम्हालाच विचारणार ना, खाला. दुसऱ्या कुणाला ठाऊक असणार?"

"जा."

दुसऱ्यांदाही "जा" च. तिसऱ्यांदा हफीजा गेली ती काही न बोलता दाराशी बसून राहिली. वही मांडीवर, पेन बंद. बाहेर धुकं. भिंतीवर लाल रेघ हळूहळू पुढे जात होती आणि तिच्याकडे बघता बघता हफीजाला पुन्हा तसं पाण्याखाली गेल्यासारखं झालं. मग सालहाचा आवाज आला. एका लयीत, गाणं म्हटल्यासारखा. पहिल्या घरापासून. बाप, आई, मग मुलं ओळीने. कोण कोणत्या महिन्यात झालं, कोण पायाळू, कोण जुळं. हफीजा लिहीत सुटली. पानं उलटत होती, रंगाचा वास येत होता, आणि सालहा एकदाही अडखळली नाही. मेलेल्यांची नावंही ती त्यांच्या त्यांच्या जागी घेत होती. एका ठिकाणी ओळीने अकरा मुलांची नावं आली, वेगवेगळ्या घरांतली.

"त्या वर्षी गोवर आला होता," सालहा म्हणाली आणि तिने कुंचला पाण्यात बुडवला.

संध्याकाळी डॉक्टर इसहाकनी वही चाळली. "मेलेल्यांच्या फायली नको बनवायला, सिस्टर."

"नाही बनवत," हफीजा म्हणाली. पण वही तिने फेकली नाही.

त्यानंतर चार वर्षं गेली. ती कशी गेली हे हफीजाला सांगता आलं नसतं. फळ्यांवर फायली भरत गेल्या. खाटांवर माणसं झोपली, बाळंतिणी झोपल्या. आपल्या गावच्या बाईचं बाळंतपण दवाखान्यात असलं की सालहा स्वतः येऊन उशाशी बसायची आणि हफीजाच्या कामात चुका काढायची. हफीजाला दर घरातल्या चटया पाठ झाल्या, कोणाच्या मुलाला पेनिसिलिन चालत नाही, कोणाची सून सासूपुढे बोलत नाही, सगळं. रस्त्याने जाताना धुक्यातून नुसता खोकला ऐकू आला तरी ती माणसाचं नाव सांगायची.

सालहाची नात अझ्झा दवाखाना निघाला तेव्हा शाळेच्या शेवटच्या वर्षाला होती. शांत, लांब बोटांची मुलगी. नर्सिंग शिकायला अबहाला जायचं तिने मनात घेतलं तेव्हा तिचा बाप तयार नव्हता. बायका इतके दिवस परक्या देशांतून आलेल्यांच्या हातून टोचून घेत होत्या, त्याचं कुणाला काही वाटत नव्हतं, पण आपल्या घरची मुलगी असलं काम करणार म्हणजे काय? सालहाने मुलाला समोर बसवलं.

"तुझ्या आईने आयुष्यभर काय केलं?" एवढंच तिने विचारलं.

अझ्झा अबहाला गेली.

आणि चौथ्या वर्षी, थंडी संपता संपता, कागद आला. त्या दिवसांत असे कागद सगळीकडेच येत होते. राजधानीतल्या बत्हाच्या बाजारात, खमीसच्या गॅरेजांत, इस्पितळांत एकच विषय होता: आपल्या जागेवर आता सौदी माणूस येणार, आपल्याला कधी खलास म्हणतात. हफीजाच्या कागदात लिहिलं होतं की अल-अत्फाच्या दवाखान्यातली नर्सची जागा नर्सिंगच्या संस्थेतून शिकून आलेल्या स्थानिक उमेदवाराला द्यायची आहे. सध्याच्या नर्सने तीन महिने तिला काम शिकवावं आणि शेवटी अहवाल द्यावा. उमेदवार तयार नाही असा अहवाल आला, तर सध्याच्या नर्सचा करार एक वर्ष वाढेल.

उमेदवार अझ्झा होती.

पहिल्या दिवशी ती आली ती कोऱ्या पांढऱ्या कोटात, डोळ्यांत आनंद मावत नव्हता. "सिस्टर, मी तुमच्याकडेच यायचं म्हणून अर्ज केला," ती म्हणाली. कागदात काय आहे हे तिला ठाऊक होतं की नव्हतं, ते तिच्या चेहऱ्यावरून कळेना. हफीजाने तिच्या डोक्यावरून हात फिरवला आणि तिचं तिलाच नवल वाटलं, की हात इतका जड का झालाय.

अझ्झाला पुस्तकातलं सगळं येत होतं. फायली ती झरझर लावायची. पण सुई हातात आली की बोटं थरथरायची. मोठ्या माणसांना कसंबसं टोचायची. लहान मूल समोर आलं, ते रडायला लागलं, की तिचा चेहरा पांढरा पडायचा आणि सुई मागे यायची. एकदा एका बाळाला दोनदा टोचावं लागलं. बाळाची आई चिडली. हफीजाने हसत हसत सिरिंज आपल्या हातात घेतली आणि क्षणात काम उरकलं. मग तसंच होत गेलं. मूल आलं की हफीजा म्हणायची, "आण इकडे, तू बघ." अझ्झा बाजूला उभी राहून बघायची. एक महिना गेला, दुसरा गेला.

घरी नसरुद्दीन म्हणाला, "मुलगी गुणी आहे, पण हात नाय तिचा. खोटं कशाला लिव्हायचं? जे आहे ते लिव्ह. एक वरस तरी निघंल."

"निघेल," हफीजा म्हणाली.

"तुमी बायका कशावर इचार करत बसता, मना नाय समजत. खोटं थोडीच सांगतंस तू?"

खोटं नव्हतंच. त्यामुळेच तर तिला चैन पडत नव्हतं. दुपारी ती कड्याशी गेली. खाली ढग भरले होते. तिने डोळे मिटले तेव्हा पुन्हा तो साठ खाटांचा वॉर्ड समोर आला, पण या वेळी खाटांवर फायली झोपल्या होत्या. प्रत्येक फाइल छातीपर्यंत चादर ओढून. ती एकेकीजवळून चालली होती आणि तिला सगळ्यांची नावं येत होती. शेवटच्या खाटेवर फाइल नव्हती. ती खाट तिची आहे असं कुणीतरी सांगत होतं, पण ती आडवी व्हायला गेली की खाट थोडी पुढे सरकायची.

डोळे उघडले तर शेजारी सालहा बसली होती. केव्हा आली कोण जाणे. हातात काठी, ओढणीवर रंगाचे डाग.

"माझी नात कशी शिकतेय?"

"हुशार आहे, खाला."

"ते मला ठाऊक आहे. शिकतेय का?"

"पुस्तकातलं सगळं येतं तिला."

"मी काल दारात उभी राहून पाहिलं," सालहा म्हणाली. "तू तिला करून दाखवतेस. करायला देत नाहीस. मी पण असंच करायचे. माझ्या थोरल्या सुनेला मी बारा वर्षं नुसतं दाखवलं. मला वाटायचं तिचा हात अजून बसला नाही." ती खाली ढगांकडे बघत होती. "खरं म्हणजे सगळ्यांनी मलाच बोलवावं असं मला वाटत होतं. ती शेवटी कंटाळली. मग अझ्झापर्यंत कुणीच नव्हतं."

एवढं बोलून ती उठली आणि काठी टेकत धुक्यात गेली. रागाचा शब्द एकही नव्हता. हफीजाला वाटलं, रागावली असती तर बरं झालं असतं.

त्याच आठवड्यात गोवरच्या लसीचा दिवस ठरला होता. आजूबाजूच्या सगळ्या वस्त्यांत एकाच दिवशी लस द्यायची, नऊ महिन्यांच्या बाळांपासून शाळेतल्या मुलांपर्यंत. डॉक्टर इसहाक आणि नसरुद्दीन अर्धी लस घेऊन खालच्या वस्तीत जाणार, हफीजा आणि अझ्झा गावात थांबणार. वरच्या कुरणांतल्या मेंढपाळांनाही निरोप गेले होते. त्यातल्या काहींना मुलं घेऊन पोचायला अर्धा दिवस चालावं लागणार होतं.

आदल्या दिवशी दुपारी हफीजा बर्फाची पेटी आणायला मागच्या दगडी पायऱ्या उतरत होती. धुक्याने पायऱ्या ओल्या झाल्या होत्या. पाय सटकला. पडताना तिने उजवा हात टेकला आणि मनगटात काहीतरी सुकी काटकी मोडल्यासारखं वाजलं. नसरुद्दीनने तिला खमीसला नेलं. प्लास्टर घालून आणलं तेव्हा ऊन कलत होतं. डॉक्टर इसहाक ओट्यावर येरझारा घालत होते.

"उद्याचं रद्द करू या," ते म्हणाले. "मी दोन्हीकडे पुरणार नाही."

"माणसं कुरणांतून निघाली असतील, डॉक्टर. ती पुन्हा येणार नाहीत."

"मग टोचणार कोण?"

अझ्झा दाराशी उभी होती. दोघांनी तिच्याकडे पाहिलं. तिने मान खाली घातली, पण ती आत पळाली नाही, एवढं हफीजाने पाहिलं.

"अझ्झा टोचेल," हफीजा म्हणाली. "मी शेजारी बसते."

सकाळी उजाडता उजाडता माणसं यायला लागली. धुक्यातून एकेक येत होती. पाठीला बाळं बांधलेल्या बायका, डोक्याला सुगंधी पाल्याफुलांचे गजरे गुंडाळलेले मेंढपाळ, त्यांच्या खांद्यांवर झोपलेली मुलं. ओट्यावर, पायऱ्यांवर, अंगणात माणसंच माणसं, आणि धुक्यामुळे सगळ्यांचे आवाज मऊ झालेले. हफीजा खुर्चीत बसली होती. गळ्यात अडकवलेला हात ठणकत होता. दुखायचं थांबवायला दिलेल्या गोळीने डोकं हलकं झालं होतं, कडेकडेने सगळं विरघळल्यासारखं. समोर टेबल, टेबलावर बर्फात ठेवलेल्या बाटल्या, आणि टेबलामागे अझ्झा.

पहिलं बाळ आलं. अझ्झाने दंड पुसला, सुई उचलली आणि तिची बोटं थरथरायला लागली. बाळाने तिच्याकडे पाहिलं आणि भोकाड पसरलं. हफीजाचा डावा हात आपोआप पुढे आला. डाव्या हाताने ती काय करणार होती? पण तो आला. तिने तो मांडीखाली दाबून धरला.

"सिस्टर," अझ्झा पुटपुटली.

"भिंतीवर बारीक रेघ ओढतेस ना, आजीच्या घरी?" हफीजा म्हणाली. "तेव्हा कुठे बघतेस?"

"रेघ जिथे टेकवायची तिथे."

"मग तिथेच बघ. त्याच्या तोंडाकडे बघू नकोस. चिमटीत कातडी धर. श्वास सोड. हं."

सुई गेली. वाकडी, जरा उशिरा, पण गेली. बाळ किंचाळलं, आईने छातीशी घेतलं, आणि अझ्झा हातातल्या रिकाम्या सिरिंजकडे कुणा दुसऱ्याची वस्तू असावी तशी बघत राहिली.

"पुढचं," हफीजा म्हणाली.

दुसऱ्याला पुन्हा थरथर झाली. तिसऱ्याला कमी. पाचव्या मुलाने लाथ मारली आणि बाटली पडता पडता राहिली. दहाव्याच्या वेळी अझ्झा स्वतःशीच हळू आवाजात काहीतरी म्हणत होती. हफीजाने कान दिला. ती रंगांची नावं घेत होती. लाल म्हणताना चिमटीत धरायची, निळा म्हणताना सुई आत, पिवळा म्हणताना बाहेर. हे तिला कुणी शिकवलं नव्हतं. हफीजाला काही सुचवायचं होतं, तोंड उघडून तिने पुन्हा मिटलं.

मग ती नुसती नावं सांगायला लागली. कोण समोर येतंय ते ती खोकल्यावरून, चालीवरून ओळखायची आणि अझ्झाला सांगायची: याला पूर्वी लस दिल्यावर ताप आला होता, आईला सांगून ठेव. हिचा दुसरा दंड घे, या दंडावर भाजल्याचा डाग आहे. अझ्झा ऐकायची आणि टोचायची. मुलं येत होती, रडत होती, जात होती. ऊन वर आलं तसं धुकं उजळलं आणि अंगणभर एक दुधी प्रकाश भरला. त्या प्रकाशात हफीजाला क्षणभर वाटलं, की रांगेत फक्त आज आलेली मुलं नाहीत. सालहाने सांगितलेली ती अकराही त्यांच्या मागे उभी आहेत, आपला दंड वर करून, आपापली पाळी यायची वाट बघत. तिने डोळे चोळले नाहीत. तिला ते बरं वाटत होतं.

दुपारी शेवटची बाटली संपली. अझ्झा जमिनीवरच बसली, भिंतीला टेकून, पाय पसरून.

"किती झाले?" तिने विचारलं.

"मोजलं नाही मी," हफीजा म्हणाली. "फायलींत बघ. तुझ्याच हाताने लिहिलंयस."

अझ्झा हसायला लागली आणि हसता हसता रडायला लागली. हफीजा खुर्चीतून उठून तिच्या शेजारी जमिनीवर बसली.

अहवाल तिने त्याच आठवड्यात लिहिला. उजवा हात प्लास्टरमध्ये होता म्हणून डाव्या हाताने. अक्षरं लहान मुलाची असावीत तशी वाकडीतिकडी आली. उमेदवार काम करायला तयार आहे, एवढीच ओळ. नसरुद्दीन समोर बसून बघत होता. सही करताना कागद सरकायला लागला तेव्हा त्याने तो आपल्या दोन बोटांनी धरून ठेवला.

"घरी जाऊ या, गो," तो मग म्हणाला. "आपली बी वयं झाली."

डॉक्टर इसहाकना मात्र ते पटेना. त्यांनी इकडेतिकडे फोन केले आणि एक दिवस म्हणाले, "बुरैदाजवळ एक नवीन दवाखाना निघतोय. तिथे अजून कुणी शिकून आलेलं नाही. तुमच्यासारख्या बाईची त्यांना गरज आहे. बोलू का?"

हफीजाने विचार केला. खजुरांचा तो सपाट, कोरडा मुलूख तिने कधी पाहिला नव्हता. तिथेही धुकं नसलेल्या सकाळी कुणीतरी दार उघडेल, आणि नाव सांगणार नाही.

"नको, डॉक्टर," ती म्हणाली. "एवढी नावं माझ्या डोक्यात आहेत. त्यांच्यावर दुसरी घालायला जागा नाही आता."

सालहाने सांगितलेल्या नावांची ती वही तिने अझ्झाला दिली. अझ्झाने पानं उलटली, अकरा नावांपाशी थांबली, त्यातलं एक नाव बोटाने हळूच दाबलं. ते तिच्या काकाचं होतं. तिने वही फायलींच्या फळीवर, अगदी पहिली, उभी करून ठेवली.

निघायच्या आदल्या दिवशी दुपारी दोघी गावाच्या टोकाच्या एका घरी गेल्या. तिथे आठ दिवसांचं बाळ होतं, त्याचं वजन करायचं होतं. काम अझ्झाचं. हफीजा नुसती निरोप घ्यायला आलेली. घरधनीण तिच्या हाताला धरून तिला आत घेऊन गेली, गादीवर बसवलं, मागे लोड दिला आणि छोट्या कपात वेलचीची फिकी कॉफी ओतली. हफीजाने पहिला घोट घेतला. चार वर्षांत हजारदा ही कॉफी तिच्यापुढे आली होती, पण तिची गरम चव कुठपर्यंत टिकते हे तिला ठाऊक नव्हतं.

अझ्झाने तराजू लावला, बाळाला दुपट्यात गुंडाळून टांगलं, काटा वाचला. बाळाची आई काळजीत होती. बाळ रात्रभर रडतं, दूध पुरत नाही की काय? तिने हे विचारलं ते अझ्झाला, पण उत्तरासाठी पाहिलं हफीजाकडे. सगळ्या खोलीने तिच्याकडे पाहिलं.

हफीजाने नजर कपात घातली. तळाशी वेलचीचे दोन बारीक कण होते. मग बाईने हळूहळू मान वळवली, आणि अझ्झा बोलायला लागली. वजन वाढलंय, ती म्हणाली, दूध पुरतंय, हे बघ इथे लिहिलंय. त्याला उभं धरून ढेकर काढ, मी दाखवते. नाही, तूच घे त्याला. असं. माझा हात फक्त मागे ठेवते.

बाहेरून नसरुद्दीनच्या गाडीचा भोंगा ऐकू आला. "यल्ला, चल गो, सामान बांधायचंय," त्याने हाक मारली. घरधनीण कॉफीचं भांडं घेऊन हफीजापाशी आली. पुरे असेल तर रिकामा कप जरा हलवायचा, म्हणजे पुन्हा ओतत नाहीत, अशी तिकडची पद्धत. हफीजाने कप न हलवता तसाच पुढे धरला.